कोपऱ्यातला केस

"थांबवा," आर्काडी पेत्रोविच म्हणाले. "ती कुठे आहे?"

सुचित्रानं चित्र थांबवलं. पडद्यावर रिकामं स्वयंपाकघर होतं, खिडकीबाहेर बर्फ.

"या फिल्ममध्ये तर कुणीच माणूस नाही," ती म्हणाली.

आर्काडी पेत्रोविच रशियातले कॅमेरामन. चाळीस वर्षं त्यांनी दुसऱ्यांचे सिनेमे चित्रित केले आणि मधल्या दिवसांत स्वतःच्या छोट्या फिल्म केल्या. त्यांत ना गोष्ट, ना नट. आता ते सिंगापुरात, तोआ पायोहला मुलीकडे राहत. शनिवारी त्यांच्या शेवटच्या फिल्मचा खेळ होता. एकच रीळ, अकरा मिनिटं. ते क्वीन्सटाउनच्या लॅबमध्ये सुचित्राकडे दुरुस्तीला आलं होतं. स्कॅन करतानाच त्याचे तुकडे पडले; उरलं ते फक्त स्कॅन. आज दुरुस्त प्रत बघून ते पसंती देणार होते.

म्हाताऱ्यानं उठून पडद्याच्या खालच्या कोपऱ्यावर काठी टेकवली. "इथे एक केस होता."

सुचित्राला हायसं वाटलं. "तो मी काढला."

केस कॅमेऱ्याच्या आत अडकलेला होता. पहिल्या फ्रेमपासून शेवटपर्यंत थरथरत होता. संगणकाला तो नीट पुसता येईना. मग तिनं तीन आठवडे बसून एकेका फ्रेममधून तो हातानं काढला. पंधरा हजारांवर फ्रेम. बिशानच्या घरी मुलगी म्हणायची, "आई, नोबडी विल नोटिस, लाह."

म्हातारा खुर्चीत बसला. "कॅमेऱ्यात रीळ माझी बायको भरायची. उजेड लागू नये म्हणून काळ्या पिशवीत हात घालून, न बघता. हे रीळ तिनं भरलं आणि त्याच आठवड्यात गेली. मग मी आमचं स्वयंपाकघर चित्रित केलं." त्यानं काठी गुडघ्यावर आडवी ठेवली. "तमारा कधी कॅमेऱ्यासमोर उभी राहिली नाही. माझ्याकडे तिचं तेवढंच आहे."

सुचित्रानं लॅबमधल्या सहकाऱ्याला फोन लावला. पसंती मिळणारच असं धरून तिनं सकाळीच मूळ स्कॅन पुसायला सांगितलं होतं.

"वरुण, ती डिस्क?"

"पुसायला लावलीय. अर्ध्याच्या पुढे गेली असेल."

"थांबव."

"अगं, तूच मेसेज केलास ना?"

"आधी थांबव."

काय वाचलं ते शोधायला तिला अख्खी दुपार लागली. म्हातारा जेवायलाही उठला नाही. तिनं आणलेली कॉफी तशीच गार झाली.

"मूळ स्कॅनची पहिली सात मिनिटं गेली," ती शेवटी म्हणाली. "माझ्या चुकीनं. पुढची चार वाचली, ती दुरुस्त प्रतीला जोडलीत."

म्हाताऱ्यानं मान डोलावली. तिनं दिवा मालवला.

रिकामं स्वयंपाकघर आलं. टेबल, किटली, खिडकी. म्हातारा त्यातलं काहीच बघत नव्हता. त्याचे डोळे खालच्या कोपऱ्यावर होते. एक मिनिट गेलं. तीन गेली. पाच. सुचित्राला त्याच्याकडे बघवेना.

सातव्या मिनिटानंतर कोपऱ्यात एक बारीक काळी रेघ उमटली आणि थरथरू लागली.

म्हातारा पुढे झुकला.

"उशीर," तो हळूच म्हणाला. "शूटिंगलासुद्धा ती नेहमी अशीच यायची."