उशिराचं कारण

"आदेशाला आव्हान द्यायला दोन वर्षं का लागली?" न्यायाधीशांनी विचारलं.

तिला द्यायची पोटगी रद्द करून मागणाऱ्या नवऱ्यानं डोक्यावरची टोपी काढली. डोक्याचा पार गोटा केलेला होता. "आईचं आजारपण काढत होतो, साहेब. परवाच दहावं झालं तिचं."

तिनं तळहाताकडे पाहिलं. सकाळी निघताना सासूबाईंनी त्यावर दही-साखर ठेवली होती. चिकटपणा अजून गेला नव्हता.

"साहेब, धडधडीत खोटं आहे हे!" ती ओरडलीच. "यांनी वृद्धाश्रमात टाकलेल्या सासूबाईंना मीच घरी आणलंय. चांगल्या हिंडत्या-फिरत्या आहेत!"

नवऱ्यानं घाईघाईनं टोपी पुन्हा घातली. न्यायाधीश म्हणाले, "पुढच्या तारखेला त्यांना घेऊन या."

घरी सासूबाई दारातच वाट बघत होत्या. "दिसला का गं तो? केस पिकले असतील ना आता त्याचे?"

तिनं वाकून चपला काढल्या.

"केस दिसले नाहीत, आई," ती म्हणाली. "डोक्यावर टोपी होती."