पुसट रेघ

मुलांनो, डोळे मिटा आणि असं एक केदारखेडा गाव मनात आणा, जिथे काळ सरळ चालत नाही. तिथे ‘वळणकाळ’ नावाचं विद्वानांचं कलाविषयक त्रैमासिक येतं. त्यात अजून कुणी काढलेलीच नाहीत अशा चित्रांवर लेख असतात, आणि त्याचं तिथे कुणाला नवल वाटत नाही.

नव्या अंकात त्याच गावातल्या लहानग्या साक्षीने अजून न काढलेलं चित्र छापून आलं होतं. अंगणातली बाज, वर कडुलिंबाची सावली, आणि बाजेवर कुणीच नाही. खाली लिहिलं होतं, ‘चित्रकर्तीने आधी आजोबा काढले होते. त्यांची पुसट रेघ अजून दिसते.’

ते वाचून, आजोबा पुसले जाऊ नयेत म्हणून साक्षीने आपलं खोडरबर आडात फेकलं आणि कागद घेऊन अंगणात धावली. तिचे आजोबा, म्हणजे आबा, चित्रकलेचे निवृत्त मास्तर तातेराव, बाजेवर बसले होते.

“आबा, हलू नका. तुम्हालाच काढून राह्यले.”

“काढ की. नाक तेवढं लहान काढ, मंग बराबर दिसंल.”

तिने पेन्सिल दाबून दाबून आबा काढले. चित्र पुरं झालं, आणि कागदावर आबांचा खांदा फिका होऊ लागला. तिने वर पाहिलं. आबांच्या खांद्यातून मागची भिंत दिसत होती.

“झालं का न्हाई, साक्षे?” आवाज लांबून आल्यासारखा होता.

अक्षरं शिकवताना आबांनीच सांगितलं होतं, पुसट झालं की पुन्हा गिरवायचं. साक्षीने खांदा गिरवला. तोवर कान फिका झाला होता.

ती कान गिरवू लागली.