रीतीचं चुंबन

कोठारातल्या दारूच्या घड्याची मोहोर कुणीतरी तोडली होती. न्यूमेरियस तडक आपल्या बायकोसमोर, पपिरियासमोर येऊन उभा राहिला आणि फटकन शिंकला.

“सर्दीनं माझं नाक पार चोंदलंय,” तो धाकट्या भावाला म्हणाला. “वोपिस्कस, तूच बघ रे हिचं तोंड.”

रोममधली रीतच ती. बाईवर दारूचा संशय आला, की नवऱ्यानं नाहीतर त्याच्या भावाबंदांनी तिच्या ओठांना ओठ लावून वास घ्यायचा. वास आला तर बाई घराबाहेर, मुलं बापाकडे. पपिरियाची मुलगी तीन वर्षांची होती.

“दादा, वहिनीवर कसला संशय घेतोस?”

“हो पुढे! नवरदेवासारखा लाजतोस काय?”

वोपिस्कस पुढे झाला. दुपारी तिच्याबरोबर प्यायला होता तो हाच, एकाच पेल्यातून, आळीपाळीनं. पण तिला बोटसुद्धा लावलं नव्हतं त्यानं. पहिलं चुंबन, आणि तेही नवऱ्यादेखत! पपिरियाला भीती वाटली, आणि काय सांगावं, त्या भीतीतही सुख वाटलं. त्यानं डोळे मिटले. मागे सरायला त्याला जरा उशीरच झाला.

“काही नाही,” तो म्हणाला. “बडीशेपेचा वास येतोय नुसता.”

पपिरियाच्या जिवात जीव आला.

“सुटलीस बाई,” न्यूमेरियस हसला. “उद्या मी महिनाभर मळ्यावर चाललोय. तोवर वोपिस्कस, रोज संध्याकाळी येऊन तूच बघत जा.”

वोपिस्कसचा चेहरा असा उजळला की विचारू नका. वेड्याला लपवताच आलं नाही. न्यूमेरियस त्या चेहऱ्याकडे बघत राहिला. त्याचं हसू मावळलं. हात कमरेच्या सुरीकडे गेला.

दारूपायी बाई घराबाहेर जाते. दुसऱ्याच्या बायकोपायी पुरुष जिवानिशी जातो. हे रोममध्ये शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं.

“भाऊजी खोटं बोलले,” पपिरिया म्हणाली. “मला वाचवायला. मी प्यायले, चांगली पेलाभर.”

“कुणाबरोबर?”

आतल्या खोलीत मुलगी झोपेतून उठून आईला हाका मारू लागली होती. पपिरियानं दिराकडे वळूनही पाहिलं नाही.

“एकटीच होते.”