खालून तडकणार नाही

"म्हणजे अख्ख्या स्वयंपाकघराची फरशी उखडणार?" जावई दारातच आडवा उभा राहिला. "अहो मिस्त्री, एक फरशी तडकली आहे. ती बदला आणि मोकळे व्हा."

"कितीदा बदलायची, साहेब? खालचा कोबा हलतोय." मिस्त्रींनी खांद्यावरची गुंडाळी खाली टेकवली. प्लास्टिकची चटई होती ती, वरून खळगेच खळगे, पाठीला लोकरीसारखं अस्तर. "ही मध्ये घातली की कोब्याने काय हलायचं ते खालच्या खाली हलावं. वरच्या फरशीला त्याची ओढ लागत नाही."

"नसत्या भानगडी," जावई पुटपुटला. पण त्याने खुर्ची ओढली आणि दारातच बसला. मिस्त्री कामाला यायचे त्या दिवशी तो नेमकी रजा काढायचा. माणसावर एवढा अविश्वास बरा नव्हे.

मिस्त्री म्हणजे त्याचे सख्खे सासरे. एकदा जेवता जेवता शब्दाने शब्द वाढला. "कामाशिवाय या घराची पायरी चढणार नाही," असं सासरे म्हणाले. "नका चढू," असं जावई म्हणाला. झालं! तेव्हापासून हे मिस्त्री आणि तो साहेब. दोघंही मोडतील पण वाकणार नाहीत, आणि मधल्या मध्ये लेकीचा जीव टांगलेला.

नशीब म्हणा, ओट्यापुढची एक फरशी सारखी तडकायची. मग मिस्त्रींना निरोप जायचा. ते यायचे, उपड्या बादलीवर बसून परक्यासारखा चहा प्यायचे, नातीला पाठीवर घेऊन सिमेंटचा माल कालवायचे आणि लेकीकडे पोटभर बघून जायचे. जाताना जावई हटकून ऐकवायचा, "हाताला वय झालं तुमच्या." लेक दिसते म्हणून मिस्त्री ते गिळायचे. पण शेवटी कारागिराचा जीव, किती दिवस ऐकणार? चटई घातली की आपलं येणं संपलं, हे त्यांना कळत होतं. ती विकत घेताना त्यांचा हात जड झाला होता.

एरवी त्यांचं अर्धं लक्ष लेकीकडेच असायचं; आज तडकलेली फरशी छिन्नीने उचलल्यावर त्यांनी खाली नीट पाहिलं आणि ते थबकले.

कोबा धडधाकट होता. केसाएवढी भेग नव्हती. त्यांनी तुकडे जुळवून पाहिले. जमीन हलली की फरशीला सरळ रेघ पडते. इथे एका ठिपक्यातून चहूकडे जाळं पसरलं होतं. वरून घाव बसला होता, तोही नेमका.

त्यांनी मान वर केली. ओट्यावर खलबत्ता होता. बत्ता चांगला लोखंडी, वजनदार. शेजारी लेक उभी होती. तिने बापाकडे पाहिलं आणि गालातल्या गालात हसली.

मिस्त्रींनी तुकडे झटकन गोळा केले. बाप भेटावा एवढ्यासाठी पोरीने हा उद्योग करावा! आणि आता जावयासमोर लेकीचं नाव कसं घ्यायचं? आपलेच दात, आपलेच ओठ.

"काय, सापडलं का काही?" जावयाने खुर्चीतून विचारलं.

"कोबाच हललाय," मिस्त्री म्हणाले. "हाताचीही चूक असेल."

त्यांनी उरलेल्या फरश्या उखडल्या, कोबा झाडून पुसला, दातेरी करणीने माल ओढला, चटई अंथरून दाबून बसवली. खळगे मालाने भरून वर एकेक फरशी लावत गेले. लेक चहा घेऊन आली आणि हळूच म्हणाली, "कशाला एवढं पक्कं करताय, बाबा? मला सगळं कळतं हं."

"मलाही कळतं, बाळ."

मिस्त्रींनी चहा संपवला आणि पुढची फरशी उचलली.

काम संपलं. जावयाने नव्या फरशीवर टाच आपटून पाहिली. "आता नाही ना तडकणार?"

"खालून नाही तडकणार."

"आणि वरून?"

"वरून घाव घातला तर कुठलीही फरशी तडकते, साहेब." मिस्त्रींनी लेकीकडे पाहायचं टाळलं.

"हं," जावई म्हणाला.

मिस्त्रींनी पिशवी उचलली. नातीने पायाला मिठी मारली, ती त्यांनी कशीबशी सोडवली. फाटकाशी पोचेपर्यंत त्यांना मागे वळून बघवलं नाही. वाटेत दिसेनासं झालं तेव्हा डोळ्यात माल उडाला असेल, अशी त्यांनी स्वतःची समजूत घातली.

पुढे बरेच दिवस निरोप आला नाही. येणार तरी कशाला? मिस्त्री दुसऱ्यांच्या घरच्या फरश्या लावत राहिले, आणि त्यातली एकही तडकत नव्हती.

मग एका दुपारी फोन वाजला.

"मिस्त्री, ओट्यापुढची परत तडकली," तोच तिरसट आवाज. "या खेपेला वरून. काय पडलं कोण जाणे. सावकाश बघून करा, घाई नको."

"आलोच, साहेब." मिस्त्री एकटेच मोठ्याने हसले. "शाब्बास गं माझी लेक!"

तिकडे जावयाने फोन ठेवला, बत्त्याला चिकटलेला फरशीचा चुरा पुसला आणि बायको बाजारातून यायच्या आत बत्ता नेहमीसारखा जागच्या जागी ठेवून दिला.