पाठमोरी

“पुन्हा मागे वळून बघितलंस तू,” शरयू म्हणाली. रागवायचंही त्राण तिच्यात उरलं नव्हतं.

मनू काखेत गाठोडं घेऊन वळणावरून परत आली. पदर पार नाकापर्यंत ओढलेला. सकाळपासून ती घरातून निघत होती, रस्त्याने सरळ चालत होती आणि दर खेपेला चिंचेपाशी पोचली की मान वळवत होती.

“आता न्हाई बगनार,” ती पुटपुटली.

शरयूने ऐन उमेदीची वर्षं पडद्यावर रडण्यात घालवली होती. नवऱ्याने हाकललेली, सासूने छळलेली आणि शेवटच्या रिळात उंबऱ्यावर डोकं टेकून घरात परत घेतलेली. आता तिने स्वतःच चित्रपट काढायचा म्हटल्यावर पुण्या-मुंबईचे निर्माते हसले. ‘बाई, तुम्ही कॅमेऱ्यासमोरच बऱ्या.’ एकाने तयारी दाखवली, पण बायको शेवटी घरी परत आली पाहिजे, अशी अट घातली. शरयू त्याचा चहा तसाच टाकून उठली. मग सांगलीतली चार नाटकवेडी माणसं आणि छायाचित्रकार चिंतामण, एवढ्या बळावर तिने कुंडल गाव गाठलं. शहात्तर साल उजाडलं तेव्हा फक्त शेवट राहिला होता. बाई घरातून निघते आणि परत येत नाही. एवढ्यासाठीच तर हा सगळा उपद्व्याप.

नेमकी त्याच वेळी नायिका झालेली सांगलीची मुलगी मुदतीच्या तापाने आडवी झाली. पण शेवटच्या दृश्यात तिची पाठच दिसणार होती. त्याच बांध्याची कुणीही चालली असती. शूटिंग ज्यांच्या घरात चाललं होतं त्या लालासाहेबांची बायको, मनू, अगदी तशीच होती.

लालासाहेब फौजेतून परत आलेले. ऊस बख्खळ आणि गावात शब्दाला मान.

“तोंड दिसनार न्हाई नव्हं? मग हुं द्या,” ते म्हणाले. पडद्यावर आपलं नाव झळकणार म्हणून स्वारी खुशीत होती. “दिवाळीला सुदिक आमी हिला माहेरी धाडत न्हाई, आन् बाई घर सोडाया लावत्यात!” असं ते येईल त्याला सांगत. ऐकणारे हसत. शरयूही हसली. घर त्यांचं होतं.

उद्या त्यांच्या उसाला तोड येणार होती, मग अंगणात तोडकऱ्यांची वर्दळ, म्हणजे घरही आजच्यापुरतंच. कॅमेऱ्यात फिल्म उरली होती ती एका खेपेपुरती. आज जमलं नाही तर शेवट नाही, आणि शेवट नाही तर चित्रपटही नाही.

पहिल्या तालमीला पारावरच्या म्हाताऱ्याने सवयीने मनूला हटकलं होतं. “सूनबाई, एकटीच कुठं निगालीस? लालाला इचारलंस का?”

लालासाहेब काठी घेऊन धावले. “आबा, शूटिंग हाय! वाट सोडा. तिला कुनी आडवायचं न्हाई, हाक मारायची न्हाई. बाई सांगत्यात तसं वागा.”

तेव्हापासून गाव शहाणं झालं. मनू आली की लोक बाजूला सरत आणि दुसरीकडेच बघत.

कुरकुरत होती ती फक्त राहीबाई, लालासाहेबांची आई. दारात बसून ती प्रत्येक गोष्टीत खोड काढी. आता नको, म्हशीची धार व्हायचीय. आता नको, ऊन कलू द्या. शेवटी तिने गाठोड्याकडे बोट दाखवलं.

“चिंध्या भरल्यात, लगीच कळतंय. घर सोडनारी बाई आशी हलकी चालती व्हय?”

“म्हातारे, गप बस!” लालासाहेब ओरडले. राहीबाईने मान खाली घातली.

शरयूला मात्र ते पटलं. “त्यांचं बरोबर आहे. भरू द्या.”

राहीबाईने आत जाऊन गाठोड्यात लुगडी कोंबली, घट्ट गाठ मारली आणि ते मनूच्या हाती दिलं. “पायात वहाना घाल. काटं हायती.”

शरयू मनूजवळ गेली. “थकलीस ना? मीही थकलेय गं. आता एकदाच. वळणाच्या पुढेही चालत राहा. मागे आपलं काही राहिलंच नाही, असं समज.”

“आन् वळून बगितलं तर?”

“तर माझं सगळं गेलं.”

मनूने पहिल्यांदाच तिच्या डोळ्यांत पाहिलं आणि मान हलवली.

कॅमेरा सुरू झाला. मनू उंबरा ओलांडून रस्त्याला लागली. लोक सरकले. पार मागे पडला. चिंच आली. शरयूने श्वास रोखला. मान वळली नाही. मनू वळणाआड गेली. पलीकडून यष्टीचा हॉर्न ऐकू आला तसा चिंतामणने कपाळाला आठ्या घातल्या, पण आवाज नंतरच भरायचा होता. रिकाम्या रस्त्यावर धूळ तेवढी उठली. रीळ संपेपर्यंत शरयूने कॅमेरा थांबवू दिला नाही.

“झालं,” चिंतामण म्हणाला.

शरयू पायरीवर बसली आणि रडली. मनापासून रडली. लोकांनी टाळ्या पिटल्या.

“कसं केलं आमच्या मंडळीनं?” लालासाहेबांनी मिशीला पीळ भरला.

“मलाही असं जमलं नसतं.”

“आगं ए, च्या ठेव सगळ्यास्नी!” त्यांनी वळणाकडे तोंड करून हाक दिली. ओ आली नाही. “आजून ॲक्टिंगच चाललीया,” ते हसले. पुन्हा हाक मारली, या वेळी न हसता. मग काठी उचलून ते धावत सुटले आणि त्यांच्यामागे सगळं गाव.

अंगणात दोघीच उरल्या. शरयूचा चेहरा उतरला होता.

“मावशी, मनू कुठं गेली?”

“तिच्या भावाकडं. मागं येकदा गेली तवा गावानंच स्टँडवरनं धरून आनली हुती.” राहीबाईने रस्त्याचा कानोसा घेतला, आणि पदर सावरत ती शरयूच्या अगदी जवळ सरकली. “बाई, सासू घर सोडून जाती, आसा यखादा शीन न्हाई का वो तुमच्या गोष्टीत?”