मजुराघरचा मसाला

गावाला खोटं बोलायला त्या वरच्या अधिकाऱ्यानंच लावलं. पाथर्डीच्या माळावर माणसं पाला उकडून खातायत, हे खुर्चीत बसून त्याला पक्कं ठाऊक होतं. तरी त्यानं हुकूम सोडला. पाहणीचा साहेब येईल, त्याला मजुराच्या घरी जेवू घाला. गाव खाऊनपिऊन सुखी दिसलं पाहिजे. बहात्तरच्या दुष्काळाला त्यानं असं फर्मान काढून कागदावरच मारलं.

मुकादम सूर्यभाननं मजुराचं घर म्हणून कडूबाईचं निवडलं. एक तर ते दुष्काळी मजुरीसाठी काढलेल्या तलावाच्या कामाला लागून होतं. आणि तिच्या हातचा मसाला. कोपरगावकडं ऊसतोडीला गेल्यावर दुसऱ्या टोळ्यांतल्या बायासुद्धा तिच्याकडं चिमूटभर मागायला यायच्या. सूर्यभाननं बोकड दिला, पाथर्डीच्या बाजारातून मसाल्याचं सामान आणून दिलं, आणि सगळ्यांना बजावलं. साहेब खूश झाला तर तलावाचं काम पावसापर्यंत चालेल. नाराज झाला तर उद्यापासून बंद. काम बंद म्हणजे घरोघरच्या चुली बंद.

दुपारपासून कडूबाईच्या अंगणातून मिरचीचा खकाणा उठत होता. शेजारची बायडाबाई त्या वासानं वेडीपिशी झाली. तिच्या घरात चुलत सासऱ्याचं सुतक होतं. सुतकाच्या घरात फोडणी नाही, तवा नाही. मसाला भाजायचं तर नावच काढायचं नाही. आणि इथं शेजारीण सगळ्या गावाच्या नाकाशी खोबरं भाजत होती. बायडाबाईला घरात बसवेना. उठली, आणि कुणाला शिवणार नाही अशी कडूबाईच्या अंगणाच्या कडेला टेकली.

कडूबाईनं तीन दगड मांडून चूल अंगणातच पेटवली होती. घराचं दार ओढून घेतलेलं. कपाळावर रुपयाएवढं कुंकू. डोळे सुजून लाल झालेले.

"नवरी झालीस जणू," बायडाबाई म्हणाली. "पाव्हना जेवायला येतोय का तुला बघायला?"

कडूबाई हसली नाही. तिनं खोबरं उतरवलं, तीळ टाकले, मग धने, मग दगडफूल. डोळ्यांतलं पाणी पुसायलाही थांबत नव्हती. मिरची लई झोंबतीय, एवढंच म्हणाली. मग उखळाकडं हात केला.

"लांब का बसलीस? ये, कूट."

"मी सुतकातली बाई. इटाळ व्हईल की."

"आज काय व्हत न्हाई. कूट."

मुसळ हातात घेताना बायडाबाईला वाटलं, धुरानं हिचं डोकं फिरलं. ती कुटू लागली, पण तिला चैन पडेना. कडूबाई घडीघडी सूर्याकडं बघायची, मग दाराकडं. बायडाबाईनं श्रीमंतची चौकशी केली. श्रीमंत म्हणजे कडूबाईचा नवरा. तापानं कामावर यायचा बंद झाला होता. आत निजलेत, असं कडूबाई म्हणाली. घोटभर पाणी तरी नेऊन देते म्हणून बायडाबाई उठली, तर कडूबाईनं तिचं मनगट धरलं.

"दार उघडू नको. माशा शिरत्यात."

तेव्हा बायडाबाईच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. मुकादमानं दिलेल्या सामानातलं निम्मं हिनं आत दडवलंय. खोबरं असेल, मटण असेल. गाव सरकारनं वाटलेल्या सुकडीच्या पिठावर दिवस काढतंय आणि ही बया नवऱ्याला गुपचूप बोकड चारणार.

मसाला तयार झाला, तशी कडूबाईनं चिमूट बायडाबाईच्या तळहातावर ठेवली. मीठ-तिखट तूच बघ म्हणाली, माझ्या तोंडात आज काही जायचं नाही. बायडाबाईनं चाखलं. जीभ खवळून उठली. हिच्या तोंडात कशाला जाईल, ती मनात म्हणाली, हिनं आधीच हादडलं असणार. साहेबासमोर सगळं उघडं पाडायचं, हे तिनं तिथंच ठरवलं.

साहेबाची जीप आली तेव्हा उन्हं कलली होती.

सरकारातून आलेल्या पिवळ्या मक्याच्या पातळ भाकरी होत्या, आणि ऊसतोडीच्या कोयत्यानं बारीक केलेला खिमा. साहेबानं भाकरी मधोमध दुमडली, तिच्यात खिमा भरला, वर कोरडा मसाला भुरभुरला आणि चावा घेतला. परदेशात शिकायला होतो तेव्हा असंच दुमडून खायचो, असं तो सूर्यभानला सांगत होता. निवांत खात होता. कडूबाई उभ्या उभ्याच वाढत होती. घास संपायच्या आत दुसरी भाकरी टाकायची. सावली कुंपणापर्यंत गेली, तशी ती पुन्हा सूर्याकडं बघू लागली. भुकेली माणसं भिंतीसारखी उभी राहून बघत होती.

साहेबानं हात धुतले. तो खूश होता. तलावाचं काम पावसापर्यंत चालू राहील, असं त्यानं सगळ्यांदेखत सांगितलं. मग हसून म्हणाला, "बाई, थोडा मसाला बांधून द्या. घरी दाखवतो."

कडूबाईनं फडक्यात पुरचुंडी बांधली.

बायडाबाईला आता राहवेना. "सायेब, आधी हिचं दार उघडा. हिनं आत काय दडवलंय ते बघा."

सूर्यभाननं तिला दटावलं. साहेब थांबला.

"खरं बोलतीय ती," कडूबाई म्हणाली. "मीच सांगते."

तिनं पुरचुंडी साहेबाच्या हातावर ठेवली. माळाच्या कडेला सूर्य बोटभर उरला होता. तिनं पदराच्या टोकानं कपाळावरचं कुंकू पुसलं.

"सायेब, तुमचं पोट भरलं. गावाला कामाचा शबुद मिळाला. माझा मालक सकाळी उपाशी मेला, तवाधरनं आत पडलाय. दिस बुडायच्या आत न्यावं लागतं. आता तरी उचलू का त्याला? बोला."