बिनआवाजाचं हसू

"पाळणाघरात न सांगता डोकावत जा गं," सासूबाई म्हणाल्या, तेव्हा तिनं हसण्यावारी नेलं. "अहो आई, कॅमेरा आहे ना! फोनवर लेक दिसतेच की."

संग्रहालयात ती जुन्या मूक माहितीपटांची रिळं साफ करते. आजच्या रिळात कामगार हसत कारखान्याच्या फाटकाबाहेर पडत होते.

"किती खूश आहेत ना!" ती म्हणाली.

"कसले डोंबलाचे खूश!" शेजारच्या टेबलावर काम करणारे काका म्हणाले. "कोपऱ्यात मुकादम बघ. त्यानं हात केला की मगच हसतायत."

जेवताना तिनं फोनवर पाळणाघर लावलं. तिथल्या ताईंनी टाळी वाजवली, तशी सगळी पोरं कॅमेऱ्याकडे वळून हसली. लेक जरा उशिरा हसली, ताईंकडे बघत.



ती डबा तसाच टाकून निघाली आहे. तुमचंही लेकरू कुणाकडे असेल, तर आज न सांगता जाऊन या.